गळालेली ओळ

औषध भरत असताना स्वामी मॅडमना कुणी नमस्कार केला, तर त्या उत्तर देत नसत. मग तो शिपाई असो, सर्जन असो, नाहीतर तपासणीला आलेला मोठा साहेब. सिरिंज खिडकीच्या उजेडात धरलेली, मान किंचित तिरपी, नजर आतल्या औषधावर. औषध भरून झालं, ट्रेमध्ये ठेवलं, वर झाकण टाकलं, की मग त्या वळायच्या आणि म्हणायच्या, "हं, नमस्कार. बोला." तोवर समोरचा माणूस कधीकधी रागावून निघूनही गेलेला असायचा. त्याचं त्यांना काही वाटायचं नाही. "जेवताना बोला, भांडताना बोला," त्या आम्हाला सांगायच्या, "औषध भरताना तोंड बंद. तोंड चाललं की हात दुसऱ्याचा हुतो."

शिवकांता स्वामी परभणीतल्या एका खाजगी नर्सिंगच्या शाळेत शिकवायच्या. त्याआधी बरीच वर्षं त्यांनी सरकारी दवाखान्यांत काढली होती. मी आधी त्यांची विद्यार्थिनी होते, नंतर त्याच शाळेत त्यांच्या हाताखाली शिकवायला लागले. ठेंगणा, रुंद बांधा. कडक स्टार्चची पांढरी साडी. कपाळावर भस्माची पुसट रेघ आणि गळ्यात लिंगायतांचं चांदीचं लिंग, ते नेहमी पदराच्या आत. लग्न, घरदार यावर त्या कधी बोलल्या नाहीत आणि विचारायची आमची हिंमत नव्हती. राग आला की त्यांचा आवाज चढत नसे, उतरत असे. त्या अगदी कुजबुजायला लागल्या की वर्गातल्या मुलींच्या हाताला घाम सुटायचा.

माझी पहिली प्रात्यक्षिक परीक्षा मला अजून आठवते. शाळेच्या हॉलमध्ये खाट टाकलेली होती आणि पेशंट म्हणून मॅडम स्वतः त्यावर झोपल्या होत्या. अंगावर चादर, डोळे मिटलेले. मी औषधाचा ट्रे घेऊन गेले आणि शिकवल्याप्रमाणे अदबीनं विचारलं, "तुम्ही लक्ष्मीबाई का?"

"हाव," मॅडम कण्हत म्हणाल्या.

मी औषध पुढं केलं. त्यांनी डोळे उघडले.

"मी लक्ष्मीबाई न्हाई. मी कमलबाई हाय. लक्ष्मीबाई पलीकडच्या खाटेवर हाय."

"पण मॅडम, तुम्ही हो म्हणालात."

"म्हणणारच की. ताप हाय, भेव हाय, पांढऱ्या कपड्यातली पोरगी काहीतरी विचारायलीय. तू सरस्वती म्हणलीस तरी हाव, सीता म्हणलीस तरी हाव." त्या उठून बसल्या. "पेशंटला नाव सांगायचं न्हाई, नाव इचारायचं. 'तुमचं नाव काय?' त्यानंच आपल्या तोंडानं बोललं पाहिजे."

मला त्यांनी नापास केलं. घरी जाऊन मी रडले. पण तेव्हापासून आजवर मी एकाही पेशंटला त्याचं नाव सांगितलेलं नाही.

आमच्या शाळेत ग्रंथालय होतं, म्हणजे काचेच्या दारांचं एक स्टीलचं कपाट होतं. त्यात औषधांवरची, रुग्णसेवेवरची जाडजूड इंग्रजी पुस्तकं होती आणि कपाटाला कुलूप होतं. मॅडमनी आल्याआल्या ते कुलूप काढायला लावलं. पण कुलूप काढून फारसा फरक पडला नाही. मुली जिंतूर, सेलू, गंगाखेड भागातल्या खेड्यांतून आलेल्या. इंग्रजी वाक्यं पाठ करायच्या, परीक्षेत उतरवायच्या आणि विसरायच्या. एकदा एका मुलीनं "नॉट टू बी गिव्हन" असलेलं सगळं वाक्य न अडखळता म्हणून दाखवलं आणि अर्थ विचारला तेव्हा "द्यावे" असं सांगितलं. मॅडम त्या दिवशी जेवल्या नाहीत. दुसऱ्या दिवशी मला म्हणाल्या, "मंगल, मराठीतून पुस्तक करायचं. खेड्यातली नर्स एकटी असती. तिला इचारायला कुणी नसतं. तिच्या टेबलावर तिच्या भाषेत काहीतरी पाहिजे."

ते पुस्तक करताना मी त्यांना जवळून पाहिलं. एकेका शब्दावर आठवडा जायचा. 'चमचा' या शब्दावर तर आमचं भांडणच झालं. मी एका सिरपच्या पुढं 'एक चमचा' लिहिलं होतं. मॅडमनी वर्गातल्या प्रत्येक मुलीला घरून चमचा आणायला सांगितला. टेबलावर चमच्यांचा ढीग पडला. चहाचे, पोह्यांचे, तिखटाच्या डब्यातले, एकीनं तर आमटी वाढायची पळीच आणलेली. मॅडम एकेक चमचा पाण्यानं भरायच्या आणि ते पाणी सिरिंजमध्ये ओढून मला दाखवायच्या. एका चमच्यातलं पाणी दुसऱ्याच्या दुपटीहून जास्त निघालं.

"सांग, यातला तुझा चमचा कोणता?" त्यांनी विचारलं.

त्या पुस्तकात मग 'चमचा' हा शब्द कुठंही आला नाही. औषधाच्या बाटलीबरोबर येणारं मापाचं झाकणच वापरायचं, असं चित्र काढून दिलं.

लिहिलेलं प्रत्येक पान आम्ही मोठ्यानं वाचायचो. मी वाचायची आणि त्या मूळ कागदावर बोट ठेवून ऐकायच्या. "डोळा हुशार असतो," त्या म्हणायच्या, "जे न्हाई ते बी वाचून घेतो. तोंड अडाणी असतं, हाय तेवढंच वाचतं." असं सगळं पुस्तक आम्ही दोनदा वाचलं. मग ते छापायला गेलं. छपाईच्या आदल्या दिवशी प्रेसवाल्या दिलीपरावांचा फोन आला. बाळंतपणाच्या प्रकरणातलं एक चित्र फार लहान छापलं जातंय, थोडं मोठं करू का? मॅडम म्हणाल्या, करा. दिलीपरावांनी ते पान मोबाइलवर पाठवलं. चित्र मोठं आणि छान दिसत होतं. मॅडमनी पाहिलं आणि होकार कळवला.

पुस्तक झालं. छोटा समारंभ झाला, संस्थेच्या अध्यक्षांचं भाषण झालं. आमच्याकडून शिकून गेलेल्या आणि आता जिल्ह्यातल्या आरोग्य केंद्रांत, उपकेंद्रांत काम करणाऱ्या मुलींना मॅडमनी स्वतःच्या हातानं एकेक प्रत दिली. मी त्यांना एवढं आनंदात कधी पाहिलं नव्हतं. समारंभाच्या फोटोत त्या हसतायत.

त्यानंतर काही आठवडे गेले. एका सकाळी बाळंतपणाच्या प्रकरणावर तास चालला होता. राणीसावरगावची एक मुलगी उभी राहून पुस्तकातून वाचत होती आणि बाकीच्या लिहून घेत होत्या. मॅडम खिडकीशी उभ्या होत्या, मी मागच्या बाकावर वह्या तपासत होते. मुलगी एका सुरात वाचत होती: "हे इंजेक्शन बाळ बाहेर येण्याआधी मांडीच्या स्नायूत द्यावे. दिल्यानंतर..."

"थांब," मॅडम म्हणाल्या. "परत वाच."

तिनं परत वाचलं. "हे इंजेक्शन बाळ बाहेर येण्याआधी मांडीच्या स्नायूत द्यावे."

मॅडमनी पुस्तक तिच्या हातातून घेतलं. पान डोळ्यांजवळ नेलं. मग कुजबुजल्यासारख्या म्हणाल्या, "वह्या मिटा. आत्ता लिहिलं ते सगळं खोडा. काळं करा."

आम्ही लिहिलेलं वाक्य असं होतं: हे इंजेक्शन बाळ बाहेर येण्याआधी देऊ नये. बाळ बाहेर आल्यावर, पोटात दुसरं बाळ नाही याची खात्री करून, मांडीच्या स्नायूत द्यावे. चित्र मोठं करताना मधली ओळ गळाली होती. 'येण्याआधी'च्या पुढं थेट 'मांडीच्या स्नायूत द्यावे' येऊन चिकटलं होतं. वाक्य इतकं बेमालूम सांधलं गेलं होतं की कुणालाही खटकू नये. बाळंतपणानंतर बाईचं रक्त जाऊ नये म्हणून हे औषध असतं. त्यानं गर्भाशय जोरात आवळतं. बाळ आत असताना तोच पूर्ण डोस दिला, तर गर्भाशय बाळावरच आवळलं जातं. बाळाचा श्वास कोंडतो, गर्भाशय फाटू शकतं. आई आणि बाळ, दोघंही हातची जाऊ शकतात.

मॅडम वर्गाबाहेर आल्या आणि व्हरांड्यात भिंतीला टेकून उभ्या राहिल्या. मी पाणी आणलं. त्यांनी घेतलं नाही.

"किती जणींकडं हाय?" त्यांनी विचारलं आणि उत्तराची वाट न पाहता फोन काढला.

कुणाला पुस्तक दिलं ते त्यांना चेहऱ्यासकट आठवत होतं. त्या एकीला लावायच्या, मी दुसरीला. मी सांगून फोन ठेवायला लागले की त्या मला थांबवायच्या. "तिला म्हण, मी काय सांगितलं ते मला परत सांग." पलीकडून प्रत्येक मुलगी ते वाक्य बरोबर म्हणून दाखवायची, पान फाडल्याचं सांगायची, मगच फोन बंद. मी सुचवलं की सगळ्यांना एकदम मेसेज टाकू. "टाक," त्या म्हणाल्या. "पण निळी खूण म्हणजे बघितलं. कळलं असं न्हाई."

एवढ्यात अध्यक्षांनी मॅडमना ऑफिसात बोलावून घेतलं. त्यांच्या कानावर गेलं होतं. दार उघडंच होतं, त्यामुळं मला सगळं ऐकू आलं.

"मॅडम, गडबड करू नका. शाळेची इज्जत आहे. एक चिठ्ठी छापू, दुरुस्ती म्हणून पाठवून देऊ सगळीकडं. हळूहळू."

"चिठ्ठी पोचस्तोर कुणी बाळंत व्हायचं थांबत न्हाई, साहेब."

"पण पेपरात आलं तर?"

"येऊ द्या की. पेपरात आलं तर लवकर पोचंल."

त्या बाहेर आल्या. दुपारपर्यंत जवळजवळ सगळ्या मुली सापडल्या. चारठाण्याच्या केंद्रातली मुलगी फोन उचलत नव्हती, तिला तिथल्याच दुसऱ्या नर्सनं जाऊन सांगितलं. राहिली एकटी अश्विनी. देवगाव फाट्याच्या पुढं आत एका गावातल्या उपकेंद्रावर तिची नवीनच नेमणूक झाली होती. तिचा फोन लावला की व्यस्त, परत लावला की व्यस्त, आणि नंतर तर संपर्क क्षेत्राच्या बाहेर. तिथं दुसऱ्या कुणाचा नंबर आमच्याकडं नव्हता. वरच्या आरोग्य केंद्रात लावला, तर तिथले डॉक्टर मीटिंगला गेलेले. ज्यानं फोन घेतला तो म्हणाला, निरोप देतो. मॅडमनी त्याला निरोप परत म्हणायला सांगितलं, तर तो हसला आणि फोन ठेवून दिला.

मॅडमनी पर्स उचलली. "चल."

शाळेची गाडी मागितली, तर ड्रायव्हर म्हणाला, साहेबांना विचारावं लागेल. आम्ही स्टँडवर गेलो आणि सेलूची एस.टी. धरली. बस प्रत्येक फाट्यावर थांबत होती. कुणी कोंबड्या घेऊन चढत होतं, कुणी कंडक्टरशी सुट्या पैशांवरून वाद घालत होतं. मॅडम पुढच्या सीटची दांडी घट्ट धरून बसल्या होत्या. सारखा फोन लावत होत्या. मी काहीतरी बोलायचं म्हणून म्हणाले, "मॅडम, अश्विनी हुशार आहे. तिला शिकवलंय आपण, बाळ बाहेर आल्यावरच द्यायचं म्हणून."

"शिकवलंय," त्या म्हणाल्या. "आणि मग पुस्तकबी मीच दिलंय."

सेलूहून काळी-पिवळी जीप मिळाली. ती भरल्याशिवाय निघेना. मॅडमनी ड्रायव्हरला सांगितलं की उरलेल्या सगळ्या सीटचे पैसे आम्ही देतो, पण आत्ता निघ. फाट्यापासून आत रस्ता उखडलेला होता. दोन्ही बाजूंना कापूस उभा होता. गाडी आदळत होती आणि मॅडम एका हातानं गळ्यातलं लिंग पदराआड मुठीत धरून बसल्या होत्या.

उपकेंद्राच्या दारात चार-पाच माणसं उभी होती. एक तरुण पोरगा, बहुतेक नवरा, भिंतीला पाय लावून उभा, चेहरा पांढराफटक. आतून बाईच्या कण्हण्याचा आवाज येत होता आणि दारातच एक म्हातारी कुणावर तरी ओरडत होती, "अगं, सुई का देईनास? माझ्या धाकलीला दवाखान्यात सुई दिली, चट्कन मोकळी झाली. इथं सकाळपासून नुसतं बघायलीय ही!"

मला वाटलं मॅडम आता धावतील, ओरडतील. त्यांनी चपला काढल्या. नळावर हात धुतले, कोपरापर्यंत. मग आत गेल्या.

खाटेवर कळा देणारी बाई होती. तिच्या पायाशी अश्विनी उभी होती आणि तिच्या हातात ट्रे होता. ट्रेमध्ये भरलेली सिरिंज. खिडकीत आमचं पुस्तक उघडं पालथं घातलेलं. अश्विनीनं आम्हाला पाहिलं.

"अश्विनी," मॅडम म्हणाल्या. इतक्या साध्या आवाजात, की जणू रोजच येतात. "ट्रे टेबलावर ठेव."

तिनं ठेवला.

"दिलंस का काही?"

"न्हाई मॅडम."

"बरं केलंस. पुस्तकात चूक हाय. तुझं बरोबर हाय. हात धू आणि बाळाचे ठोके बघ."

म्हातारी पुढं आली. ती त्या बाईची सासू होती. "ह्या कोण बाई? भरलेली सुई का थांबवायल्यात? माझ्या सुनेला काही झालं तर जिम्मेदारी कुणाची?"

"माझी," मॅडम म्हणाल्या. "माझं नाव शिवकांता स्वामी. परभणीला शिकवते. ही सुई बाळ आल्यावर द्यायची हाय. आधी दिली तर बाळ बी जाईल, सून बी जाईल. आता तुमी तिच्या डोक्याशी बसा आणि तिचा हात धरा. तेवढं काम तुमचं."

म्हातारी खरंच जाऊन बसली.

पुढचा वेळ किती होता ते मला सांगता येणार नाही. मॅडमनी एकाही गोष्टीला हात लावला नाही. त्या अश्विनीच्या मागं उभ्या राहिल्या, बस. अश्विनी काय करणार ते मोठ्यानं बोलायची आणि मग करायची. मॅडम नुसतं "हं" म्हणायच्या. एकदा बाळाचे ठोके मंदावले. अश्विनीनं घाबरून वळून पाहिलं. "माझ्याकडं नको बघू, तिच्याकडं बघ. डाव्या कुशीवर घे," मॅडम म्हणाल्या. बाई कुशीवर वळली. अश्विनी कान लावून ऐकत राहिली. म्हातारी पुटपुटत होती. मग अश्विनीनं मान वर केली. "वाढले मॅडम."

बाळ आलं. मुलगी होती. आधी रडली नाही. अश्विनीनं तिला फडक्यानं पुसलं, पाठ चोळली, आणि मग ती असं रडली की बाहेरची माणसं हसली. अश्विनीनं बाईच्या पोटावर हात ठेवून चाचपलं.

"दुसरं बाळ न्हाई," ती मोठ्यानं म्हणाली.

"मग?"

"आता इंजेक्शन."

"दे."

सगळं उरकल्यावर मॅडम बाहेर येऊन पायरीवर बसल्या. म्हातारीनं स्टीलच्या पेल्यात चहा आणून दिला. मॅडमनी पेला धरला आणि चहा हिंदकळून त्यांच्या साडीवर सांडला. ज्या हातांतलं सुईचं टोक कधी हललं नाही, ते हात. म्हातारीनं पेला त्यांच्या हातातून घेतला आणि स्वतः त्यांच्या तोंडाशी धरला.

"आजीबाई," दोन घोट घेऊन मॅडम म्हणाल्या, "तुमच्या सुनेला आज माझ्यामुळं धोका झाला असता. पुस्तक मी लिहिलंय. त्यात चुकीचं छापलं गेलं."

"काय बी छापत्यात बाई पुस्तकात," म्हातारी म्हणाली. "तुमी धावून आलात ना."

"मी आले म्हणून न्हाई. ह्या पोरीनं हात थांबवला म्हणून."

अश्विनी दारात उभी होती. ती आता रडायला लागली. सकाळपासून ती आम्हाला फोन लावत होती, असं तिनं सांगितलं. शंका आली म्हणून. पण मॅडमचा फोन सारखा व्यस्त. आणि मॅडम बाकीच्यांना सावध करत होत्या, अधूनमधून तिलाही लावत होत्या, तेव्हा तिचा व्यस्त. मग रेंजच गेली.

"तुला वाक्य चुकीचं हाय असं वाटलं?" मॅडमनी विचारलं.

"वाटलं. मग वाटलं, मॅडमचं पुस्तक हाय. मॅडम कशा चुकतील? मलाच नीट आठवत नसंल. आणि ह्या आजी ओरडायल्या होत्या. म्हणून भरून ठेवलं."

"आमी आलो नसतो तर? दिलं असतंस?"

अश्विनीनं डोळे पुसले. "माहीत न्हाई, मॅडम," ती म्हणाली. "खरंच माहीत न्हाई."

परत येताना मॅडम बसमध्ये एकच वाक्य बोलल्या. "मंगल, ओळ गळाली त्याचं मला एवढं भेव न्हाई. 'मॅडम कशा चुकतील' म्हणली ना ती, त्याचं हाय."

दिलीपराव दुसऱ्या दिवशी शाळेत आले. ते माझ्याकडं बघून रडायलाच लागले, मॅडमकडं जायची त्यांना हिंमत होईना. मॅडमनी स्वतः त्यांना आत बोलावलं, खुर्ची दिली आणि म्हणाल्या, "ओळ तुमच्याकडनं गेली. पण शेवटचं पान मी फोनवर नुसतं बघितलं, वाचून घेतलं न्हाई. चित्र छान दिसलं म्हणून खूश झाले. तुमी एकटे कशाला रडता?" नवी आवृत्तीही त्यांनी दिलीपरावांकडंच दिली. अध्यक्षांनी बराच विरोध केला, पण नव्या पुस्तकाच्या पहिल्याच पानावर मॅडमनी छापायला लावलं, की आधीच्या आवृत्तीत अमुक ठिकाणी अशी जीवघेणी चूक होती, आणि या आवृत्तीतही असू शकते. शंका आली तर हात थांबवा आणि विचारा. "स्वतःचीच बदनामी कुणी छापतं का?" अध्यक्ष म्हणाले. मॅडमनी ते पान छापायला पाठवलं.

त्यांच्या शिकवण्यात मात्र तेव्हापासून एक विचित्र गोष्ट आली. तास घेताना कधीतरी त्या मुद्दाम चुकीचं सांगायच्या. साध्या चेहऱ्यानं, फळ्यावर लिहून. आणि वाट बघायच्या. पहिल्या वेळी सगळ्या मुलींनी मुकाट्यानं लिहून घेतलं. मॅडम खडू हातात धरून बेल होईपर्यंत तशाच उभ्या राहिल्या. कुणाला कळेना काय चाललंय. बेल झाल्यावर त्यांनी चूक दाखवली आणि निघून गेल्या. असं बरेचदा झालं. मुली टरकायला लागल्या. मला वाटायचं, हा छळ आहे. मी तसं त्यांना म्हणालेही. "हाय," त्या म्हणाल्या. "पण इथं छळ झालेला बरा."

मग एके दिवशी मधल्या बाकावरची एक किडकिडीत मुलगी उठली. बाक धरून उभी राहिली. "मॅडम," ती म्हणाली, "ते चुकलंय."

"काय चुकलंय?"

"तुमी. तुमी चुकलात."

मॅडमनी तिच्याकडं पाहिलं. मग फळा पुसला आणि ओल्या आवाजात म्हणाल्या, "पुढं ये. बरोबर काय ते तूच लिही."

काही वर्षांनी त्यांनी नोकरी सोडली आणि गंगाखेडकडं, भावाच्या गावी राहायला गेल्या. छाती दुखायची, चालवत नव्हतं. तोवर अश्विनीही आमच्या शाळेत शिकवायला आली होती. पुस्तकाची पुढची आवृत्ती आम्ही दोघींनी केली. अश्विनीनं मॅडमची बरीच वाक्यं बदलली, काही तर पार काढून टाकली. ते कागद घेऊन मी हिवाळ्यात त्यांच्या गावी गेले. तीच आमची शेवटची भेट. पुढच्या उन्हाळ्यात त्या गेल्या. त्यांच्यातल्या रिवाजाप्रमाणं बसवून माती दिली, असं कळलं. मला वेळेवर पोचता आलं नाही.

हिवाळ्यातल्या त्या भेटीच्या दिवशी त्या अंगणात उन्हाला बसल्या होत्या. समोर सुपात तुरीच्या शेंगा. खूप वाळल्या होत्या. साधं नऊवार लुगडं, स्टार्चच्या साडीत नसलेल्या मॅडम मी पहिल्यांदाच पाहत होते. अश्विनीनं बदललेली पानं त्यांनी निगुतीनं पाहिली. एके ठिकाणी म्हणाल्या, "ही पोरगी माझ्यापेक्षा बरं लिहिती." मग मुखपृष्ठाचा कागद हातात घेतला आणि बराच वेळ धरून ठेवला.

"मंगल, वरचं माझं नाव काढ."

"का?"

"नाव बघितलं की लोकं डोकं बाजूला ठेवत्यात. त्या दिवशी त्या पोरीनं तेच केलं हुतं. नाव नसलं तर जपून वाचतील."

आयुष्यभर मी त्यांना नाही म्हटलेलं नव्हतं. "नाही मॅडम," मी म्हणाले. "नाव राहणार."

त्यांनी भुवया वर केल्या.

"नाव नसलं तर शंका आल्यावर त्या मुलीनं फोन कुणाला लावायचा? चूक झाली तर धावत कोण जायचं? नाव मोठेपणासाठी नको, पण जिम्मेदारीसाठी पाहिजे. तुमचं राहील, आणि खाली अश्विनीचं आणि माझं. फोन नंबरसकट."

त्या माझ्याकडं बघत राहिल्या. मला परीक्षेच्या हॉलमध्ये उभं असल्यासारखं झालं. मग त्यांनी मुखपृष्ठ माझ्या मांडीवर ठेवलं.

"बरोबर हाय," त्या म्हणाल्या. "मी चुकले. राहू दे."

निघताना त्यांनी मला उठून पोचवलं नाही. उठवत नव्हतं. "बस चुकंल, पळ," एवढंच म्हणाल्या. कुंपणाशी येऊन मी मागं पाहिलं. भावाची शेळी दावं तोडून आली होती आणि तिनं सरळ सुपात तोंड घातलं होतं. मॅडमनी तिला हाकललं नाही. सुपातली एक शेंग उचलून तिच्यापुढं धरली. शेळी सावकाश खात होती आणि मॅडम ती खाऊन संपण्याची वाट बघत होत्या. त्या हातांना इतकं निवांत मी कधी पाहिलं नव्हतं. शेळीनं तोंड पुढं केलं. मॅडमनी दुसरी शेंग उचलली.